काहीतरी दाबलं गेलं असेल

कॉम्प्युटर दुरुस्त करणाऱ्या माणसाच्या तोंडात एक वाक्य कायमचं मुक्कामाला असतं. गिऱ्हाईक दुकानाची पायरी चढतं, पिशवीतून लॅपटॉप काढतं, आणि त्याने तोंड उघडायच्या आत हा विचारतो, "काय दाबलंत?" विचारायची पद्धत अशी की समोरचा आपोआप ओशाळतो. आयुष्यात कधी ना कधी प्रत्येकाने काहीतरी दाबलेलं असतंच. एकदा का गिऱ्हाईक ओशाळलं की पुढची सगळी दुरुस्ती शांतपणे होते, कोणी कुरकुर करत नाही, उलट जाताना "पुन्हा असं नाही करणार हं" असं कबूल करून जातं.

ज्या दुरुस्तीवाल्या भाच्याची ही गोष्ट आहे त्याच्या तोंडात हे वाक्य इतकं घोटलं गेलं होतं की आपण ते बोलतो हेसुद्धा त्याच्या कानावर पडत नसे. त्या रस्त्यावरचे लोक त्याला 'डॉक्टर' म्हणायचे आणि त्यालाही ते आवडायचं. फक्त त्याची आत्या त्याला 'उचापत्या' म्हणायची. तिचं घड्याळ, तिचं शिवणयंत्र, तिचा रेडिओ, यातलं काहीही त्याने लहानपणी उघडून बघायचं सोडलं नव्हतं. घड्याळ आणि शिवणयंत्र वाचलं. रेडिओ गेला तो कायमचा. तेव्हापासून तो घरात शिरला की आत्या ओरडायची, "आला उचापत्या! झाका रे सगळं!" तो चाळिशीला आला, केस विरळ झाले, तरी दारातलं स्वागत तेच.

आत्याचा धंदा पायांचा होता. बुटाच्या आत घालायचे तळवे ती बनवायची. कोणाचा एक पाय आखूड, कोणाचं पाऊल सपाट, कोणाची टाच जमिनीला लागली की डोळ्यांत पाणी. असली माणसं लांबून लांबून तिच्याकडे यायची. घराच्या पुढच्या खोलीत तिचा कारखाना होता. गिऱ्हाइकाने काचेवर पाय ठेवायचा, खालून त्याचं चित्र निघायचं, ते कॉम्प्युटरच्या पडद्यावर यायचं. मग आत्या चष्मा नाकाच्या शेंड्यावर घेऊन माउसने इथे थोडं उचलायची, तिथे थोडं दाबायची, आणि कोपऱ्यातलं कोरणारं यंत्र घट्ट स्पंजाच्या ठोकळ्यातून तसाच्या तसा तळवा काढून द्यायचं. शेवटचा हात मात्र तिचा. तळव्यावरून अंगठा फिरवायची, कुठेतरी थांबायची, दोनदा पॉलिशपेपर मारायची आणि म्हणायची, "हं. आता चाला."

उमेदीची वर्षं तिने हे सगळं हाताने केलं होतं. कॉम्प्युटर ती म्हातारपणाच्या उंबरठ्यावर शिकली, तेही एकटीने. भाच्याला जवळ फिरकू दिलं नाही. "तू शिकवायला लागलास की तुझेच हात चालतात," ती म्हणाली होती. "माझे मांडीवर राहतात. तू हो बाहेर." आणि शिकली. पाय कोरणारा तो प्रोग्राम तिला इतका सरावला की भाचाही मनातल्या मनात चाट पडायचा. प्रोग्राम बनवणारी कंपनी कधीच गाशा गुंडाळून गेली होती, कॉम्प्युटर म्हातारा झाला होता, पण आत्याचं आणि त्याचं छान चाललं होतं.

भाच्याला प्रेम दाखवायची एकच रीत माहीत होती, आणि ती म्हणजे साफसफाई. अधूनमधून सुट्टीच्या दिवशी तो आत्याकडे जायचा, तिचा कॉम्प्युटर उघडून आतली धूळ फुंकायचा आणि नको ते प्रोग्राम काढून टाकायचा. असाच एकदा गेला. आत्याचा कागदपत्रं स्कॅन करायचा जुना स्कॅनर मोडला होता. तो भाच्याने भंगारात दिला आणि त्याचा प्रोग्राम कॉम्प्युटरमधून काढायला घेतला.

काढता काढता मध्येच एक चौकट आली. तिच्यात लिहिलं होतं की ही फाइल सामायिक आहे, पण आता ती कोणी वापरत नाही असं दिसतंय, तरीही कोणी वापरत असेल तर ते बंद पडू शकतं, काढू का? खाली बटणं होती. हो, नाही, आणि सगळ्यांना हो.

आत्या आतून विचारत होती, "चहा ठेवू का रे?"

"ठेव," तो म्हणाला, आणि 'सगळ्यांना हो' दाबलं.

आता हे सामायिक म्हणजे काय प्रकरण आहे, ते सांगायला हवं. प्रत्येक प्रोग्राम स्वतःचं सगळं सामान बाळगत नाही. चार बिऱ्हाडांच्या इमारतीत जिन्याखाली एकच शिडी असते ना, तसं. ज्याला माळ्यावर चढायचंय त्याने घ्यायची आणि परत ठेवायची. कॉम्प्युटरमध्ये अशा पुष्कळ शिड्या असतात. चित्र वाचायची एक, छापायची एक. कोणीतरी एक प्रोग्राम ती आणून ठेवतो, दुसरे चार वापरतात. घोटाळा एवढाच की जुन्या प्रोग्रामांतले काही आपण शिडी वापरतो हे कुठेच नोंदवून ठेवत नाहीत. आत्याचा प्रोग्राम त्यातलाच. स्कॅनरबरोबर आलेली चित्र वाचायची फाइल तो इतकी वर्षं गुपचूप वापरत होता. स्कॅनरवाल्याने घर सोडलं आणि भाच्याने त्याच्यामागून शिडीही टाकून दिली.

त्या दिवशी हे कळायला मार्ग नव्हता, कारण आत्याकडे हाताने घासायचं काम साठलं होतं. कॉम्प्युटर तिने बरेच दिवस उघडलाच नाही. उघडला त्या सकाळी तिचा फोन आला.

"अरे, पायाचा प्रोग्राम उघडत नाहीये. कुठली तरी फाइल सापडत नाही म्हणतोय."

दुकानात चार गिऱ्हाइकं उभी होती. "काय दाबलंस?" भाचा म्हणाला.

"मी काही दाबलं नाही. रोजच्यासारखं उघडायला गेले. तू साफ करून गेलास त्यानंतर आजच बसतेय."

"साफसफाईचा काय संबंध? तुझ्या प्रोग्रामला मी बोटसुद्धा लावलेलं नाही."

हे खरंच होतं. त्याने बोट लावलं नव्हतं. माणूस स्वतःची बाजू घेताना किती खरं बोलतो याला सीमा नाही.

दुपारी तो गेला. पडद्यावर चौकट होती. अमुक नावाची फाइल सापडत नाही, ज्याच्यासोबत ती आली तो प्रोग्राम पुन्हा बसवून बघा. दोन ओळी. त्याने त्या वाचल्या नाहीत. चौकटी वाचायच्या त्या नवख्यांनी. जाणता माणूस फाइलचं नाव तेवढं उचलतो आणि चौकट बंद करतो. कुठल्याशा साइटवरून त्याने त्याच नावाची फाइल उतरवली आणि जागेवर टाकली. आता वेगळीच चौकट आली. फाइल आहे, पण तिच्यात हवं ते नाही. नाव तेच असलं म्हणून वस्तू तीच नसते, हे तो दुकानात येणाऱ्या पोराटोरांना रोज ऐकवायचा. पण त्याला दुकान उघडायला परत जायचं होतं, डोकं तापलं होतं, आणि आत्या मागे उभी राहून सारखी विचारत होती, "सापडलं का रे?"

"हा खलास झालाय, आत्या," तो म्हणाला. "सिस्टीमच गेलीय. काहीतरी दाबलं गेलं असेल तुझ्याकडून."

"मी खरंच नाही रे..."

"लक्षात राहत नाही ना. वय झालं की होतं असं. त्यात काय एवढं!"

समजूत घालायला म्हणून तो हे बोलला. आवाजही मऊ केला होता.  आत्याने स्वतःच्या हाताकडे पाहिलं आणि दोन्ही हात पदराखाली घेतले. ते त्याने बघितलं होतं. बघितलं आणि केबल गुंडाळायला लागला.

नवा कॉम्प्युटर आला, नवा प्रोग्राम आला. तो वाईट नव्हता, पण त्यात सगळं दुसऱ्या जागी होतं. तेवढ्याने आत्या हरली नसती. जुना ती एकटीने शिकली होती, हाही शिकली असती. पण आता ती माउस हातात धरून बसून राहायची. दर टिचकीला भाच्याला फोन. "इथे हो म्हणू ना? नक्की? तू सांगतोयस म्हणून म्हणते हं." गिऱ्हाइकाचा पाय काचेवर, आणि ही फोन लागायची वाट बघतेय. आधी भाचा उचलायचा, मग "नंतर करतो" म्हणायला लागला. हळूहळू आत्याने नवी कामं घेणं सोडलं. मग गॅसचा खटका बंद केलाय की नाही ते बघायला ती रस्त्यावरून परत फिरू लागली. दुधात साखर घातली का ते शेजारणीला विचारू लागली. शेवटी एक दिवस कारखान्याला कुलूप लावून किल्ली भाच्याच्या हातात दिली.

"तुझ्याकडेच असू दे. माझ्या हातून हरवायची."

त्याला वाटलं, वय झालं. डॉक्टरांकडेही नेऊन आणलं, खऱ्या डॉक्टरांकडे. त्यांनी तपासलं, म्हणाले, तब्येत ठणठणीत आहे, डोकं तल्लख आहे. मग त्याला वाटलं, डॉक्टरांना काय कळतंय! आत्या आता त्याला उचापत्या म्हणत नव्हती. तो आला की म्हणायची, "आलास? बरं झालं. तूच बघ बाबा काय ते." त्याला चुकल्याचुकल्यासारखं वाटायचं, पण नेमकं काय चुकतंय ते शोधत बसायला त्याला सवड नव्हती.

सवड त्या भागातल्या पोस्टमनने काढून दिली. पोस्टमनचा डावा पाय जन्मापासून आखूड. आत्याचे तळवे बुटात घालून हा माणूस दिवसभर जिने चढायचा आणि लंगडतो हे कोणाला कळायचंही नाही. आता तो दुकानात आला तो दर पावलाला एका अंगाला झुकत. खांद्यावरची थैली खाली ठेवून स्टुलावर बसला, बूट काढला, आतून झिजून कागद झालेला तळवा काढला आणि काउंटरवर ठेवला.

"दुसरीकडून करून घेतले," तो म्हणाला. "दोनदा. कंबर धरते. बाईंचं दुकान बंद म्हणे कायमचं?"

"हो. त्यांना होत नाही आता."

"मग माझ्या पायाचं चित्र तरी द्या काढून. त्यांच्या जुन्या कॉम्प्युटरात आहे. बाई म्हणायच्या, तू गेलास तरी तुझा पाय माझ्याकडे राहील." पोस्टमन हसला. भाच्यालाही हसू आलं, कारण वाक्यावर आत्याचा शिक्का होता.

सुट्टीच्या दिवशी सकाळीच त्याने कारखान्याचं कुलूप काढलं. आत्या मागच्या खोलीत नवा रेडिओ लावून बसली होती. यंत्रावर चादर, चादरीवर धूळ. जुना कॉम्प्युटर कोपऱ्यात तोंड भिंतीकडे करून ठेवलेला होता. त्याने तो जोडला, सुरू केला. फक्त चित्रं काढून घ्यायची होती, पण ती होती त्या प्रोग्रामच्या पोटात, म्हणून सवयीने प्रोग्रामवर टिचकी मारली. चौकट आली.

आज मागे कोणी उभं नव्हतं. दुकान बंद होतं. आधी त्याने एक काम केलं: साइटवरून आणून टाकलेली ती तोतया फाइल काढली. पुन्हा टिचकी. जुनी चौकट आली, आणि या खेपेला त्याने ती वाचली. पहिली ओळ, दुसरी ओळ. ज्याच्यासोबत ती आली तो प्रोग्राम.

कोणासोबत आली होती? फाइल चित्र वाचायची. पाय कोरणारा प्रोग्राम स्वतःच्या घरात सगळं घेऊन बसला होता, एवढी एक सोडून. ही बाहेरून आली होती. कोण होतं या कॉम्प्युटरमध्ये चित्रं वाचणारं? आणि मग त्याला ती दुसरी चौकट आठवली. अक्षरन् अक्षर. 'तरीही कोणी वापरत असेल तर.' आतून आलेला आवाज आठवला, चहा ठेवू का रे. आणि स्वतःचं बोट.

   मशिन गेलं असतं तरी चाललं असतं. आपण त्या बाईचा हात तिच्याकडून काढून घेतला, आणि वर तिची समजूत घातली, या विचाराने त्याला स्वतःची किळस आली. दुकानात त्या एका वाक्याने ओशाळून गेलेले सगळे चेहरे डोळ्यांसमोरून जायला लागले. त्यातल्या किती जणांनी खरंच काही दाबलं होतं?

स्कॅनर भंगारात गेला होता, पण त्याची सीडी आत्याच्या डब्यात होतीच. आत्या वस्तू टाकायची नाही. सुयांच्या, बटणांच्या खाली, पाकिटात, नाव लिहून. त्याने सीडी घातली, स्कॅनरचा प्रोग्राम बसवला आणि टिचकी मारली. पायाचा प्रोग्राम उघडला. काही झालंच नव्हतं अशा थाटात पडद्यावर ओळीने पाय उभे राहिले. पोस्टमनचा डावा पाय त्यात होता. चहाला उकळी यायला लागतो तेवढाही वेळ लागला नव्हता.

तो आतल्या खोलीत गेला. "आत्या, चल. तुझा प्रोग्राम सुरू झाला."

ती आली. दारातच थांबली. पडद्याकडे बघताना तिचा चेहरा क्षणभर पूर्वीसारखा झाला, चष्मा नाकाच्या शेंड्यावर घसरला. "अगंबाई," ती म्हणाली. "हा तर पोस्टमन."

"आत्या, ऐक. ही फाइल मी पुसली होती. मी. स्कॅनर काढताना. मला विचारलं होतं त्याने, मी न वाचता हो म्हटलं. तू काहीही दाबलं नव्हतंस. तुझं बरोबर होतं, मी साफ करून गेल्यावरच ते बंद पडलं. तुझं काही चुकलं नव्हतं."

 आत्याने त्याच्याकडे पाहिलं आणि ती हसली. किती तरी दिवसांनी हसली. जवळ येऊन तिने त्याच्या पाठीवरून हात फिरवला.

"माझा रेडिओ तू फोडलास, तेव्हा दादाला मी काय सांगितलं होतं?"

"तुझ्या हातून पडला म्हणून."

"का सांगितलं?"

"मला मार बसू नये म्हणून."

"मग?" आत्या म्हणाली. "तुझ्या बापाला त्यातलं काही कळलं नाही. मला कळतं. चांगला आहेस तू. पण आत्याशी नको असं करूस."

"अगं, खरंच सांगतोय! रेडिओसारखं नाही हे. शपथ घेतो."

"बरं, बरं," ती म्हणाली. हट्टी पोराला म्हणावं तसं.

त्याने तिला खुर्चीवर बसवलं. माउस तिच्यासमोर सरकवला. तिने तो पाहिला आणि हात मांडीवर ठेवले.

"तू दाब," ती म्हणाली.

"आत्या, तुझं काम आहे हे."

"तू दाब ना. चाललंय ते पुन्हा बिघडायला नको."

त्याने दाबलं. यंत्रावरची चादर काढली, ठोकळा अडकवला. यंत्र जरासं कण्हलं आणि कोरायला लागलं. आत्या पापणी न हलवता बघत होती. तळवा पडला तसा त्याने तो भुसा झटकून तिच्या हातात दिला. ती नको म्हणायच्या आत अंगठा आपोआप निघाला होता. टाचेकडून वर, कमानीवरून, बाहेरच्या कडेने. आणि एका जागी थांबला.

"इथे जरा उंच राहिलंय," आत्या म्हणाली.

भाच्याच्या जिवात जीव आला. त्याने झटकन पॉलिशपेपर उचलला, तिच्यापुढे धरला. "मग घास ना!"

तिने कागदाकडे पाहिलं. मग आपल्या अंगठ्याकडे. तळवा उलटसुलट केला, पुन्हा त्या जागेवर बोट ठेवलं, काढलं.

"का मला आपलं तसं वाटतंय?" ती म्हणाली, आणि तळवा त्याच्या हातात दिला. "तूच बघ बाबा. माझ्या हाताचा काही भरवसा नाही आता."

त्याने बघितलं. अंगठा टाचेकडून वर नेला, कमानीवरून, बाहेरच्या कडेने. तिने दाखवलेल्या जागी थांबला. पुन्हा टाचेकडून सुरुवात केली. आत्या त्याच्या तोंडाकडे बघत वाट पाहत होती, आणि त्याच्या अंगठ्याला काहीही कळत नव्हतं.